नत्थूभाऊजींनी बुडवलेला डोंगा

माझे भाऊजी नत्थू यांना शांत बसणं कधी जमलंच नाही. थोरल्या बहिणीचा, यमुताईचा नवरा म्हणून मान द्यावा लागे, नाहीतर मी त्यांना कधीच कोपरापासून हात जोडले असते. नागपूरहून आलेला मी मौद्याला बसमधून उतरून घर गाठतो न गाठतो, तोच "चाल गा घाटावर" म्हणून ओढायचे. चहा नंतर. एकाहत्तरच्या दिवाळीत तर पायातले बूटही काढू दिले नाहीत. त्यांच्या एकुलत्या एक मुलीचं, जयाचं, लग्न ठरलं होतं आणि त्यांना डोंगा पाण्यात घालायचा होता.

हा डोंगा म्हणजे कन्हान नदीतून माणसं, बकऱ्या, सायकली अलीकडे-पलीकडे नेणारी लाकडी नाव. भाऊजींच्या वडिलांनी ती सागाच्या फळ्यांची बांधली होती. आम्ही ढिवर, घाटावरून लोकांना उतरवायचं काम त्या घराकडे पिढ्यान्‌पिढ्या. मग खालच्या अंगाला पूल झाला, बस सुरू झाली आणि लोकांनी डोंग्याकडे पाठ फिरवली. तेव्हापासून तो चिंचेखाली पालथा पडून होता आणि त्यावर कोंबड्या बसत.

पण त्या घराची रीत अशी, की लेकीची पाठवणी डोंग्यातूनच व्हायची आणि बापानं स्वतः वल्हवत तिला पैलतीरी सोडायचं. भाऊजींच्या बहिणी तशाच गेल्या. जयानं साफ सांगून टाकलं, की ट्रकमध्ये बसून पुलावरून ती जाणार नाही. बापानं लाडावून ठेवलेली पोरगी, दुसरं काय! आणि बापही असा, की हा हट्ट ऐकून घरभर नाचला.

मग काय विचारता. कुजलेल्या फळ्या काढल्या, नव्या बसवल्या. फटीफटीत डांबरात भिजवलेला कापूस ठोकला. माझ्या ऑफिसच्या शर्टाला लागलेलं डांबर शेवटपर्यंत निघालं नाही. भाऊजी एकेक फळी ठोकायचे, कान लावायचे आणि मला म्हणायचे, "ऐक गा, बोलून राहिली." मला काही ऐकू येत नसे, पण मी मान हलवायचो. त्यांचा उत्साह दुसऱ्यालाही लागायचा. लग्न माझंच असल्यासारखा मी दर रविवारी धावत जायला लागलो.

डोंगा तयार झाला आणि भाऊजींनी तो बुडवला. तळात दगड भरून, घाटाशेजारच्या उथळ पाण्यात, काठापर्यंत. वर्षानुवर्षं सुकलेलं लाकूड पाणी पिऊन फुगलं, की फळ्या एकमेकींना घट्ट धरतात. नाहीतर चाळणीत बसून नदी ओलांडल्यासारखं होतं. ढिवरांच्या पोरासोरांनाही हे ठाऊक. म्हणूनच कुणी कुणाला सांगत नाही, आणि तिथंच घोळ झाला.

नवरदेव मनोहरराव जातीचे आमचेच, पण जन्म नागपूरच्या इतवारीत गेलेला. तिथं भांड्यांच्या दुकानात कामाला होते. वरात आदल्या दिवशीच आली. मित्रांसोबत नदीवर आंघोळीला गेले तर काय, सासऱ्यांचा डोंगा बुडालेला! बिचारे तसेच पाण्यात शिरले. सगळ्यांनी मिळून दगड काढले, दोर लावले, डोंगा ओढून वाळूवर आणला आणि वाळावा म्हणून रखरखीत उन्हात पालथा घातला. वर कुणाला बोलायचं नाही असं ठरवलं. मामाजींना, म्हणजे सासऱ्यांना, एकदम दाखवून खूश करायचं होतं.

दुसऱ्या दिवशी दुपारी लग्न लागलं. जेवणं आटोपून, बाजा वाजवत आम्ही सगळे घाटावर आलो. मनोहररावांनी हसतमुखानं डोंग्याकडे हात केला. भाऊजींनी फळ्यांवरून हात फिरवला. ओढाताणीत जागोजागी कापूस निघाला होता आणि फटीत त्यांचं नख शिरलं. कधी शांत न बसणारा हा माणूस वाळूत बसकण मारून बसला. मला जावयाचा असा राग आला, की विचारू नका. कुणीतरी हळूच काय झालं ते समजावल्यावर मनोहररावांचं तोंड उतरलं. आम्ही मोठी माणसं ट्रकनंच जा म्हणू लागलो. जया मात्र डोंग्याचा काठ धरून उभी राहिली.

मनोहररावांनी बाशिंग काढून माझ्या हातात दिलं. आंदणातल्या भांड्यांतला पितळी गंज उचलला आणि म्हणाले, "मामाजी, तुमी वल्हवा. पानी मी उपसतो."

माझा राग तिथंच पळाला. डोंगा पाण्यात लोटला, तिघं बसली. वऱ्हाडी ट्रकमधून पुलाकडे निघाले. नदीच्या मध्यावर जाईपर्यंत डोंगा पाण्यात बराच खाली गेलेला दिसला. मग नवरीनंही शालू खोचला, आंदणातलंच दुसरं भांडं घेतलं आणि दोघं मिळून असं पाणी उडवू लागली, की हसण्याचा आवाज अलीकडे यायला लागला. यमुताई तोवर हुंदके देत होती. ती रडायचं विसरून ओरडायला लागली, "उपस वं, जोरानं उपस." मग मीही ओरडलो. सगळा घाट ओरडत होता, बाजेवाले आपसूक वाजवत होते. डोंगा पैलतीराला लागला तेव्हा माझा घसा बसला होता.

यमुताईनं पदरानं तोंड पुसलं. जरा वेळानं डोंगा परत फिरला. आता त्यात एकटे भाऊजी असायला हवे होते. पण पिवळा शालू दिसला, मग त्याच्याशेजारी वाकून पाणी उपसणारे मनोहररावही दिसले. पलीकडे ट्रकचा भोंगा वाजत होता. पाठवलेली नवरी त्याच पावली परत येतेय म्हटल्यावर यमुताईनं माझा दंड आवळला आणि काठावरूनच ओरडून विचारलं, काय झालं म्हणून.

भाऊजी वल्हं सोडून उभेच राहिले.

"काई नाई झालं वं. एकल्याले संगंच वल्हवता बी येत नाई अन् उपसता बी येत नाई. पोरगी म्हने, बाबाले एकलं नाई सोडत. दोघायचा बी भात टाक."