अप्पांनी करून दाखवलेलं

माझ्या सासूबाईंचे वडील मद्रासला सिनेमाचे दिग्दर्शक होते, हे मला लग्नाआधीच सांगितलं गेलं. माझे बाबा देवगडचे. मग यांची मुलगी डोंबिवलीत कशी, एवढंच त्यांनी विचारलं.

तर ती मुलगी, म्हणजे आमच्या अम्मा, मानपाड्याजवळच्या कारखान्यात नोकरी करणाऱ्या माणसाशी लग्न करून इकडे आल्या आणि इकडच्याच झाल्या. भाजीवालीशी भांडताना त्यांचं मराठी माझ्याहून तिखट असतं. नाकावर माशी बसू देत नाहीत. फक्त वडिलांचा, म्हणजे अप्पांचा, विषय निघाला की आवाज मऊ पडतो.

अप्पांनी पौराणिक चित्रपटांत उमेदवारी केली. मग देवांच्या मुकुटांना कंटाळून साध्या घरांतल्या गोष्टी सांगायला घेतल्या. त्यांतल्या काही चांगल्या चालल्या. पुढे नटांचा भाव वाढला, कॅमेरा कुठे ठेवायचा तेही नायक सांगू लागले. अप्पा कुणाचं ऐकणारे नव्हते. कामं आटली, आणि एक दिवस ते अचानक वारले. अम्मा तेव्हा सहा वर्षांच्या होत्या. त्यांना आठवायची ती फक्त गाडीकडे चाललेली पांढऱ्या सदऱ्यातली पाठ. बापाने आपल्याला कधी जवळ घेतलं का, हे त्यांना ठाऊक नव्हतं आणि सांगू शकेल असं कुणी उरलंही नव्हतं. हे दुःख त्यांनी मला एकदाच, वाटाणे सोलता सोलता सांगितलं.

त्यांची सगळी आशा अप्पांच्या एका सवयीवर होती. अप्पा नटांना समजावून सांगत नसत, स्वतः करून दाखवत. नायिकेचं रडणं, खलनायकाचं हसणं, म्हातारीचं कण्हत उठणं, सगळं. नटांनी ते हुबेहूब उचलायचं. म्हणून अम्मा म्हणायच्या, एखादा सिनेमा मिळाला तर त्यात अप्पा दिसतील. माझा नवरा चिडवायचा, बाप दाखव नाहीतर श्राद्ध कर. मला ते आवडायचं नाही. पण सिनेमे खरंच कुठे मिळत नव्हते.

गेल्या वर्षी कुणीतरी एक सिनेमा इंटरनेटवर चढवला. ओरखडे, खरखर, पण अख्खा. शनिवारी माझं घोडबंदर रोडचं ऑफिस बंद असतं. दुपारी मी तो टीव्हीवर लावून दिला. अम्मा इस्त्रीची साडी नेसून बसल्या, जणू पाहुणेच यायचे होते. सुरुवातीला मला संवादांचा अर्थ सांगत होत्या, मग गप्प झाल्या. नायक उठला-बसला की पुढे सरकून बघायच्या. हे अप्पांचं का, असं मी दोनदा विचारलं तर खेकसल्या. अर्धा सिनेमा झाला आणि त्यांचा चेहरा उतरला. सगळी परकी माणसं आहेत गं, म्हणाल्या. मला फार वाईट वाटलं. दुसरं काही सुचेना म्हणून मी कॉफी करायला उठले.

कॉफी घेऊन आले तर पडद्यावर नायिका तापातल्या मुलीला निजवत होती. दोन भुवयांच्या मधून अंगठा वर केसांपर्यंत, मग वाकवलेलं बोट कानशिलावरून खाली, आणि शेवटी कानाच्या पाळीला हलकी टिचकी. मी दारातच थांबले. माझा नवरा आमच्या लेकीला अगदी असंच निजवायचा. टिचकीसकट. झोपणाऱ्या पोरीला टिचकी कोण मारतं, म्हणून मी हसायचे, तेव्हा तो म्हणायचा, अम्माने मला असंच झोपवलंय.

"अम्मा, हे तुम्हाला तुमच्या आईने शिकवलं?"

"नाही. ती नुसती थोपटायची." त्या पडद्याकडे बघतच म्हणाल्या, "मला वाटायचं, हे माझं मलाच सुचलंय."

माझ्याच डोळ्यांना धार लागली होती.

"तेवढंच परत लाव गं," त्या म्हणाल्या.

मी लावलं. या वेळी त्यांनी डोळे मिटून घेतले.