सायमीची विजार

सायमी पहिल्यांदा आमच्या घरी आली ती आमचा घोडा ओढून न्यायला.

१९१८ सालचा मार्च. देशात आपसातलीच लढाई पेटली होती. टाम्पेरे शहर आणि आसपासची आमची गावं लालांच्या हातात होती, म्हणजे गिरणीकामगार, कुळं, शेतमजूर यांच्या. उत्तरेकडून पांढरे, म्हणजे जमीनवाले, मोठे शेतकरी आणि त्यांचं सैन्य, खाली सरकत होते. माझा भाऊ तूरे हिवाळ्यातच बर्फावरून, जंगलाच्या वाटेने निसटून त्यांना जाऊन मिळाला होता. वडील त्याआधीच वारले होते. एवढ्या मोठ्या शेतावर आई आणि मी, दोघीच उरलो होतो. मी तेव्हा लग्नाच्या वयाची होते.

अंगणात लालांची टोळी आली, त्यात एक मुलगी. केस कानापर्यंत कापलेले, खांद्याला रायफल, आणि पायात पुरुषांसारखी करड्या लोकरीची विजार. आमच्याकडे तोवर विजारीतली बाई कुणी पाहिली नव्हती. आई घोड्याच्या तोंडाशी जाऊन उभी राहिली.

"घोडा नेलास तर पेरणी कशी करू? तुला नांगराला जुंपू?"

"जुंपा की," ती म्हणाली. "गिरणीत लहानपणापासून जुंपलेलीच आहे मी."

बरोबरचे पुरुष हसले. आई बर्फावर थुंकली. मुलीने लगाम धरला आणि मागे वळून न बघता घोडा घेऊन गेली. तिचं नाव सायमी हे आम्हाला नंतर कळलं. आई तेव्हा तिला जे म्हणत होती ते इथे सांगण्यासारखं नाही.

एप्रिलमध्ये टाम्पेरे पडलं. आमच्या गावातले लाल रातोरात दक्षिणेला पळाले आणि पांढरे आले. आम्हाला आनंद व्हायला हवा होता. ते आमचेच लोक होते. तूरेची खबर काढायला आई चर्च असलेल्या मोठ्या गावात गेली आणि दुपारी परतली. कोट न काढता पाण्याच्या पिंपापाशी गेली आणि किती तरी वेळ हात धूत बसली. "तूरे बरा आहे," एवढंच म्हणाली. मग, माझ्याकडे न बघता, "मुरमाच्या खाणीत गोळ्या घालून मुली टाकल्यात. विजारीतल्या. तुझ्याएवढ्या."

त्यानंतर थोड्याच दिवसांनी पाव भाजायचा दिवस होता. पहाटेपासून भट्टी तापत होती. पीठ पुरत नव्हतं म्हणून आम्ही कणकेत बटाटे मिसळायचो. ते आणायला मी तळघरात उतरले आणि कोपऱ्यातल्या रिकाम्या पोत्यांखाली काहीतरी हललं. मला वाटलं कोल्हा. पोतं उचललं तर सायमी. ओठ निळे, विजार गुडघ्यापर्यंत ओली, रायफल कुठेच नाही.

मी आईला हाक मारली. आई पायऱ्या उतरून आली, तिच्याकडे नीट बघून घेतलं आणि म्हणाली, "घोडा कुठंय माझा?"

"मेला. तोफेचा गोळा पडला."

"आणि तू नाही मेलीस."

"नाही." दात वाजत होते तिचे. "मी जाते. थोडं पाणी द्या फक्त, की जाते."

"कुठे जाशील? रस्त्यावर सगळीकडे आमची माणसं आहेत." आईने माझ्याकडे पाहिलं. "माझ्या अंगणात मला ते खाणीतलं नको. लेम्पी, तुझा जाड झगा आण. आणि रुमाल. आणि तू, ती विजार उतरव आधी."

आम्ही तिला घरात आणलं, माझा झगा चढवला, डोक्याला रुमाल घट्ट बांधला. झगा तिला आखूड होत होता. आईने विजार भट्टीत कोंबली. पण लोकर ओली होती. पेट घेईना, नुसती धुमसायला लागली. तेवढ्यात कुत्रा भुंकला. खिडकीतून पाहिलं तर दंडाला पांढऱ्या पट्ट्या बांधलेली माणसं फाटकातून आत येत होती.

"पीठ मळ," आई सायमीला म्हणाली. "येत नसलं तरी मळ."

त्यांचा म्होरक्या परगावचा होता, तरणाताठा, बोलायला मऊ. टोपी काढून त्याने नमस्कार केला आणि लगेच नाक वर केलं.

"मालकीणबाई, काहीतरी जळतंय."

"हातमोजा पडला भट्टीत. नवा होता. या पोरींचं लक्ष कुठे असतं देव जाणे."

"आणि ही कोण?"

"कामाला ठेवलीय. माझ्या नणंदेच्या गावची."

तो टेबलापाशी गेला. सायमीने मान वर केली नाही. मळता मळता तिची बोटं कणकेत रुतत होती, जणू कुणाचा गळा धरलाय. त्याने एका बोटाने रुमालाची कड मागे सारली.

"केस कुणी कापले?"

"टायफसचा ताप आला होता, तेव्हा कापावे लागले," आई म्हणाली. "मार्चमध्ये. अजून पुरती बरी झाली नाही."

दारात उभी असलेली दोघं झटकन बाहेर सरकली. म्होरक्याने बोट कोटाला पुसलं, पण तो हलला नाही. "बंदूक चालवली की उजव्या खांद्यावर काळंनिळं होतं," तो हळूच म्हणाला. "खांदा दाखव, मुली. मग आम्ही जातो."

आई दोघांच्या मध्ये येऊन उभी राहिली. पाव भट्टीत सारायचं लाकडी फावडं तिच्या हातातच होतं.

"माझ्या छपराखाली पोरीचे कपडे उतरवणार? माझा मुलगा तुमच्यासाठी लढतोय आणि तू त्याच्या घरात हे करणार?"

"मुलगा कोण तुमचा?"

"तूरे. तूरे अलानेन."

"मग सोपंच झालं." त्याने बाहेर तोंड करून हाक मारली. "अलानेन! घोडे दुसऱ्याकडे दे, आत ये जरा."

माझा भाऊ अंगणातच होता हे आम्हाला ठाऊकच नव्हतं. तो दारातून आत आला. गाल खोल गेलेले, डोळ्यांखाली काळं. आईला पाहूनही तो पुढे झाला नाही.

"तुमच्याकडे कामाला ही मुलगी होती?" म्होरक्याने विचारलं.

तूरेने सायमीकडे पाहिलं. तिने पहिल्यांदाच मान वर केली आणि सरळ त्याच्याकडे बघत राहिली. भट्टीतून लोकरीचा धूर निघत होता. तूरेच्या नाकपुड्या हलल्या, मला दिसल्या. मी टेबलाची कड धरली होती.

"मी गेलो तेव्हा नव्हती," तूरे म्हणाला. "पण आई एकटीने हे सगळं कसं करणार? ठेवली असेल कुणीतरी. आईने ठेवली म्हणजे ठीकच असणार."

म्होरक्या त्याच्याकडे, मग आईकडे बघत राहिला. शेवटी त्याने टोपी घातली. "आईपाशी बस थोडा. फाटकापाशी थांबतो आम्ही."

माणसं बाहेर गेली. आईने तूरेपुढे कालचा पाव ठेवला. त्याने एक घास तोडला, आणि आई म्हणाली, "खाणीपाशी तू होतास?"

त्याने तो घास तोंडात घातलाच नाही. पावाशेजारी परत ठेवला.

सायमीने कणकेतून हात बाहेर काढले. "त्यांच्यात भुऱ्या वेणीची होती एक? लाइना नाव तिचं. गालावर खळी पडायची. तळ्यापाशी आमची चुकामूक झाली."

"नावं कुणी विचारली नाहीत," तूरे म्हणाला.

"होती," आई म्हणाली. "पायात हिरवे मोजे होते."

तूरे उठला, बंदूक घेतली. दारापाशी थांबून, पाठ आमच्याकडे ठेवूनच म्हणाला, "आई, मला माहीत नव्हतं की..." पुढचं त्याला जमलं नाही. तो गेला. त्याच माणसाने आत्ता आपला जीव वाचवला, हे सायमीला कळत होतं, आणि ते सहन होत नव्हतं.

"पाव भट्टीत जायचेत," आई तिला म्हणाली. "हात कणकेचे आहेत तोवर गोळे कर."

आणि तिने केले.

ती आमच्याकडे पेरणीपर्यंत राहिली. मी तिला दूध काढायला शिकवलं. गायीच्या लाथा खाऊन खाऊन शिकली. आई तिच्याशी गोड कधीच बोलली नाही. "घोडेचोर, चरवी सांडली बघ" असं म्हणायची, आणि सायमी म्हणायची, "घोडा असता तर चाटून गेला असता." आई चेहरा फिरवायची, पण मी तिला हसताना पाहिलंय.

जूनमध्ये गावातल्या कुणीतरी तिला ओळखलं. पांढरे दुपारीच येऊन तिला घेऊन गेले. लाल कैद्यांच्या छावणीत माणसं उपासाने आणि रोगाने मरत होती. आई पाठीला पिशवी बांधून पाव घेऊन तिथे जायची. पहिल्यांदा पहारेकऱ्यांनी हाकलून दिलं. दुसऱ्यांदा अर्धे पाव काढून घेतले. तिसऱ्यांदा आईने त्यांच्यासमोरच बसून सांगितलं, "तुमचा वाटा वेगळा आणलाय. तिचा तिला पोचला नाही तर तुम्हाला पुन्हा मिळणार नाही."

कोर्टात तिच्यावर घोडा लुटल्याचा आरोप होता. आई न बोलावताच उभी राहिली. "घोडा माझा, तक्रारही माझी असायला हवी. मला तक्रार करायची नाही." न्यायाधीशाने तिला गप्प बसवलं, पण सायमीला शिक्षा हलकी झाली. शरद सरता सरता ती सुटली. पुढे बरीच वर्षं तिला मत द्यायचा हक्क नव्हता.

ती पुन्हा त्याच गिरणीत लागली. लग्न केलं नाही. लाइनाच्या म्हाताऱ्या आईला तिने आपल्या खोलीत आणलं आणि शेवटपर्यंत सांभाळलं. खाणीत फुलं वाहायला मनाई होती तेव्हाही ती दर वसंतात जायची. कधी पोलीस हाकलायचे, कधी बघून न बघितल्यासारखं करायचे. गवत कापायच्या दिवसांत सुट्टी काढून आमच्याकडे यायची आणि आईच्या शेजारी उभी राहून दंताळं चालवायची. ती येणार म्हटलं की तूरे जंगलात लाकडं तोडायचं काम काढायचा. त्याने लग्न केलं, मुलं झाली, तरी हे बदललं नाही. आईने त्याला कधी थांबवलं नाही आणि तिलाही कधी येऊ नको म्हटलं नाही.

बऱ्याच वर्षांनी आई वारली तेव्हा गावातली सगळी मोठी घरं चर्चच्या अंगणात जमली. सायमी शहरातून आली आणि एकटीच मागे, भिंतीपाशी उभी राहिली. बायका तिच्यापासून बाजूला सरकल्या. पाद्री बोलत असताना तूरे कबरीपासून निघाला, गर्दीतून मागे गेला आणि तिच्या शेजारी जाऊन उभा राहिला. दोघांनी एकमेकांकडे पाहिलं नाही.

सगळं आटोपल्यावर तो म्हणाला, "घरी कॉफी केलीय."

"माझी शहराकडची गाडी आहे थोड्या वेळात," ती म्हणाली.

"बरं."

तो टोपी घालून फाटकाकडे निघाला. ती थोडा वेळ तिथेच उभी राहिली. मग माझा हात धरला आणि आम्ही दोघी त्याच्या मागून घराकडे चालायला लागलो.