आतेच्या गिझरची कॉइल

आरोंद्याकडच्या खाडीकाठी आमच्या आतेचं घर. तिच्याकडे गेलेल्याला आंघोळ केल्याशिवाय चहा मिळत नसे. मग तो घरून न्हाऊन निघालेला का असेना. “गरम पाणी काढलंय. पयली न्हाऊन घे, मगे च्या,” म्हणत ती टॉवेल हातात कोंबायची. नको म्हणणाऱ्यावर अशी तडकायची की त्यापेक्षा दुसऱ्यांदा न्हालेलं परवडे. अंगणातल्या विहिरीचा तिला भारी तोरा. तसं गोड पाणी पंचक्रोशीत नाही, असं ती ज्याला त्याला ऐकवायची आणि ते खरंही होतं.

गुडघ्यांनी दगा दिला, चुलीवरचा हंडा उतरवणं जमेना, तेव्हा गोव्यात नोकरीला असलेल्या तिच्या मुलाने, सुभाषने, गिझर बसवला. वर्षभराने पाणी कोमट यायला लागलं, मग गारच. मेकॅनिकने कॉइल बदलली. थोड्याच महिन्यांत पुन्हा तेच. तो म्हणाला, तुमच्याकडे लाईट कमीजास्त होते. सुभाष म्हणाला, थर्मोस्टॅट गेला असेल. शेजारी म्हणाले, कंपनीच फालतू. तोवर डाळ शिजत नाही म्हणून आते वाण्याशी कडाडून भांडून आली होती. आग रामेश्वरी, बंब सोमेश्वरी.

पुढची कॉइल बाहेर काढली तेव्हा मी तिथे होतो. पांढऱ्या खपल्यांनी मढलेली, एका बाजूने तडकलेली. मेकॅनिक ती फेकायला निघाला, तर आतेने हिसकावून घेतली आणि सरळ जीभ लावली.

“आते गो, काय करतंस?”

“मीठ आसा. चाखून बघ.”

मी चाखली. खारट होती. रोज तेच पाणी पिणाऱ्या तिच्या जिभेला हळूहळू वाढलेला खारटपणा कळलाच नव्हता. ती तशीच लंगडत खाडीच्या बांधाकडे गेली. बांध मागच्या पावसाळ्यात फुटला होता आणि भरतीचं पाणी शेतात शिरत होतं. दुरुस्त करतील कोणीतरी, म्हणून सगळा गाव गप्प बसलेला. “माझ्या बावीत खाडी शिरली रे,” ती म्हणाली. विहिरीला ती बावच म्हणे. त्या दिवशी तिने मला आंघोळीचा आग्रह केला नाही. मला ते फार लागलं.

मग ती कॉइल पिशवीत घालून बांधाचं काम बघणाऱ्या ऑफिसात गेली. सोबत मी. साहेबांच्या टेबलावर तिने कॉइल ठेवली. साहेब म्हणाले, “आजी, गिझरची तक्रार इथे घेत नाहीत.” मागे कोणीतरी खुसखुसलं. त्या हसण्याने माझं डोकं आजही फिरतं. आते मात्र खुर्ची ओढून बसली.

“गिझर माझो बरो आसा रे झिला. पाणी वायट झाला, ता कोणामुळे झाला, ता सांग. नायतर चाखून बघ.”

चाखलं कोणी नाही. पाहणी करू म्हणाले. पुढे म्हणाले, प्रस्ताव वर गेलाय. वर म्हणजे कुठे, देव जाणे. आते जातच राहिली, पिशवीत तीच कॉइल घेऊन. शिपाई तिला बघून ‘गिझरवाली आजी आली’ म्हणायचा. गावातले शहाणे म्हणायचे, म्हातारीला चळ लागलाय. ह्यांच्याही विहिरी खाऱ्या होत होत्या, पण सोबत यायला एकाला फुरसत नाही. आधी माडांच्या झावळ्या पिवळ्या पडल्या. मग पाहुण्यांसाठी गिझर लावणं तिने बंद केलं. “खाऱ्या पाण्यान कोणाक न्हाऊ घालू?” एवढंच म्हणाली. चहाही टँकरच्या पाण्याचा करू लागली, आणि तो देताना मान वर करत नसे. माणसाचा ताठा असा मोडलेला बघवत नाही.

गेल्या मे महिन्यात आते गेली. टँकर आला नव्हता. शेवटची आंघोळ तिला विहिरीच्या त्याच खाऱ्या पाण्याने घातली. तोंडात पाणी घालायची वेळ आली तेव्हा सुभाष तांब्या घेऊन विहिरीकडे गेला आणि तसाच परत आला. कोणाच्या तरी गाडीत बाटली होती. तिचं सील फोडलं आणि ते पाणी तुळशीच्या पानाने आतेच्या तोंडात घातलं. अंगणात विहीर खाडीच्या पाण्याने काठोकाठ भरलेली होती. मला रडू आलं नाही. नुसता संताप आला, आणि तो अजून उतरलेला नाही. उतरू नये असंच मला वाटतं.

बारावं झाल्यावर मी तिची पिशवी घेऊन त्या ऑफिसात गेलो. साहेब नवीन होते, टेबल तेच. मी कॉइल काढून समोर ठेवली. त्यांनी चष्मा वर केला.

“अहो, गिझरची तक्रार इथे घेत नाहीत.”

मी खुर्ची ओढून बसलो आणि कॉइल त्यांच्यापुढे सरकवली.

“चाखून बघा.”