लुइझियानाची गटारी

किस्से कुणी मुद्दाम साठवत नाही. कुवेतच्या धुळीसारखं असतं ते. खिडक्यांना चिकटपट्ट्या मारा, फटीत ओले टॉवेल कोंबा, सकाळी गादीवर थर असतोच! आमच्या किचनचं तसंच झालंय. सुट्टीच्या दिवशी अब्बासिया वस्तीतल्या खोलीत चारजण टेकले की कुणीतरी म्हणतं, "क्लॉडचा तो सांग रे," आणि चहा थंड होतो.

आधी माझं सांगतो. इंजिनीअरिंग दुसऱ्या वर्षाला सोडलं. का, ते घरातल्या मोठ्यांनी कधी विचारलंच नाही, थेट निकाल दिला. मग वडिलांचे चुलतभाऊ नार्वेकरकाका, कुवेतमधले जुने स्टोअरकीपर, यांनी दोन हजार चार साली मला इथे आणलं. शहराबाहेर वाळवंटात एका अमेरिकन कंपनीची मेस होती, काका तिथेच कामाला. तीन महिने ट्रायल. हेडशेफ "हो" म्हणाला तर पक्का, नाहीतर परतीचं विमान.

"नायतर गावात तोंड दाखवूक जागा रवाची नाय," काका म्हणाले. कुणाचं तोंड, ते त्यांनी सांगितलं नाही.

*

हेडशेफ आला, क्लॉड. सहा फूट उंच, काळाभोर, मूळ अमेरिकेतल्या लुइझियाना राज्याचा. काका गोऱ्या साहेबासाठी कडक इस्त्री करून उभे होते. त्यांनी तोंडावरच मालवणीत सांगितलं, "अमेरिकन येतलो म्हणान सांगितल्यानी, ह्यो तर माझ्यापेक्षा काळो!"

काकांचा स्वतःचा रंग म्हणजे भाकरीच्या तव्याचा पाठचा भाऊ. पण ते असो.

"काय म्हणतोय हा?" क्लॉडने विचारलं.

रत्नागिरीकडचे आमचे मुख्य कुक इब्राहिमचाचा घाईघाईने म्हणाले, "सर, तो वेलकम म्हणतोय."

क्लॉडने काकांकडे नीट पाहिलं. "वेलकम म्हणताना तुमच्याकडे नाक मुरडतात वाटतं!"

*

दुसऱ्या दिवशी क्लॉडने कोल्डस्टोअरच्या दारावर आपल्या राज्याचा नकाशा लावला. "बघा, अगदी बुटासारखा दिसतो की नाही?" असं मोठ्या कौतुकाने दाखवलं.

काकांना रात्रभर झोप नाही. अन्नाच्या दारावर जोडा! सकाळी त्यांनी नकाशा काढला आणि बाहेर, आम्ही कामाचे बूट ठेवायचो त्या रॅकवर नेऊन चिकटवला. वर मला म्हणाले, "कोणी इचारल्यान तर तू लावलंस म्हणान सांग."

मी सांगितलं नाही. क्लॉडने विचारलंही नाही. रॅकपाशी वाकून तो बुटाचा पंजा दाखवायला लागला. तिथे नदी समुद्राला मिळते, सगळी दलदल, आणि दर वर्षी समुद्र थोडी जमीन खातो. त्याच्या लहानपणीची मासे पकडायची जागा आता पाण्याखाली आहे.

"जागा बरोबर निवडलीस," तो काकांना म्हणाला. "बूट झिजतच चाललाय."

*

एकदा गोष्ट निघाली कबरींची. क्लॉड म्हणाला, त्याच्या शहरात मेलेल्या माणसाला जमिनीखाली पुरत नाहीत, वर विटांची छोटी घरं बांधून त्यात ठेवतात. हात-दोन हात खणलं की पाणी लागतं. पूर्वी मोठ्या पावसात पेट्या वर यायच्या, तरंगायच्या!

इब्राहिमचाचा कांदा चिरत होते. चाचांना घरी जाऊन दोन वर्षं झाली होती, सुट्टीचा अर्ज तिसऱ्यांदा मागे आला होता. सुरी चालू ठेवूनच ते म्हणाले,

"नशीबवान तुमचे लोक. मेल्यावरसुद्धा घरी येतात."

*

क्लॉडची पणजी उसाच्या मळ्यात वाढली. तिचा बाप गुलाम होता. आफ्रिकेतून आणलेली माणसं, मालकाचं घर पांढरं, खांबांचं. आम्ही जेवणाच्या सुट्टीत ऐकत होतो.

काकांना वाटलं आपणही काही चांगलं सांगावं. "इथे तसं काही नाही हां. आमची कंपनी फार काळजी घेते. आमचे पासपोर्टसुद्धा कंपनी स्वतःच्या कपाटात सांभाळते!"

क्लॉडने चमचा खाली ठेवला. "हो का? पणजीच्या बापाला पण मालकाने सांगितलं होतं, कागद माझ्याकडे सेफ आहेत म्हणून."

काकांनी खजुराची डबी पुढे केली. त्यांचे विषय तिथे संपतात.

*

मग ते पीठ. क्लॉडच्या गावचं भेंडी-कोलंबीचं कालवण करायचं तर आधी तेलात मैदा भाजावा लागतो. तासभर, न थांबता ढवळत, चॉकलेटच्या रंगाचा होईस्तोवर. काम मला दिलं. माझ्या दंडाचा जीव गेला होता, रंग आला होता, इतक्यात काका आत आले, वास घेतला, "मेल्या, करपवलंस!" म्हणाले आणि अख्खं पातेलं कचऱ्यात! वर ओरडून क्लॉडला बोलावलं. "सर, सॉरी! हा कॉलेजमध्येपण असाच होता."

मला वाटलं, झालं. विमान.

क्लॉडने कचऱ्याच्या डब्यात नाक घातलं. मग सरळ उभा राहिला आणि मला म्हणाला, "करपलेलं नाही. आणखी पाच मिनिटं मिळाली असती ना, तर आमच्याकडे कुणीही तुला मुलगी दिली असती!"

बावीस वर्षांच्या आयुष्यात एका मोठ्या माणसाने ओरडण्याआधी डब्यात बघितलं, ते हे पहिलं. अजून त्याचे उपकार मानतो.

नवीन मैदा आला. ढवळायला क्लॉडने काकांना उभं केलं.

*

फेब्रुवारी आला, माझी ट्रायल संपत आली. काका रोज क्लॉडच्या मागे, "सर, एकदा काय ते सांगा." क्लॉड म्हणायचा, "मंगळवारी." त्या मंगळवारी त्याच्याकडे मोठा सण. दुसऱ्या दिवसापासून चाळीस दिवसांचे उपास, म्हणून आदल्या दिवशी पोट फुटेस्तोवर खायचं, रस्त्यावर नाचायचं.

काका पहिल्यांदाच खुलले. "म्हणजे गटारी!"

"आणि दारू?" चाचांनी विचारलं.

"कुवेतमध्ये कुठली?" क्लॉड म्हणाला. "इथे केक."

गोल, जांभळ्या-हिरव्या-पिवळ्या साखरेचा केक. आत बोटाच्या पेराएवढं प्लास्टिकचं बाळ लपवतात. बाळांचं पाकीट चाचांनी हवल्लीच्या बाजारातून आणलं होतं. क्लॉडने नियम सांगितला. एका केकमध्ये एकच बाळ. ज्याच्या तुकड्यात निघेल त्याने पुढच्या वर्षीचा केक करायचा. न करणं म्हणजे घोर अपशकुन, सगळ्या किचनला!

त्याने स्वतः कापला, स्वतः वाढला. मी पहिला घास घेतला आणि दाताखाली काहीतरी कडक आलं.

"बाळ!" क्लॉडने टेबलावर हात आपटला. "झालं मग, मिस्टर नार्वेकर! पुढच्या फेब्रुवारीत हा पोरगा इथे लागणार. मी काय करू? रूल इज रूल!"

काकांचं तोंड भरलेलं होतं. ते चावता चावता थांबले. दोन बोटांनी जिभेवरून काहीतरी प्लास्टिकचं काढलं, मुठीत धरून पाहिलं, मग क्लॉडकडे, मग माझ्याकडे. इस्त्रीच्या शर्टाच्या खिशात ते टाकलं, वरून बटण लावलं.

"साखर वायंच जास्त झाली," काका म्हणाले. "पुढल्या वर्षी कमी घाल."