पाठमोरा राज्यविजेता

साताऱ्याहून पहाटे निघाले आणि दोन गाड्या बदलून वसई फाट्याला उतरले, तेव्हा दुपार टळून गेली होती. मी बुद्धिबळाच्या स्पर्धांना पंच म्हणून जाते. गावं बघायला म्हणून जात नाही, जाता-येता बघून होतात. या वेळी मात्र मुद्दाम एक दिवस आधी निघाले, कारण रविवारी नायगावला असलेल्या स्पर्धेत बस्त्यावदादा खेळणार होते.

आपल्याकडच्या जुन्या खेळाडूंना हे नाव सांगायला नको. नव्यांसाठी सांगते. पाचूबंदरच्या ख्रिस्ती कोळी घरातला माणूस, दोनदा राज्यविजेता. पुण्यात त्यांनी एका रशियन ग्रँडमास्टरला काळ्या मोहऱ्यांनी हरवलं, तेव्हा मी शाळकरी खेळाडू होते आणि माझा डाव सोडून त्यांच्या पटामागे उभी होते. खेळामुळे त्यांना बँकेत नोकरी लागली. मग बदल्या, बढत्या, आणि नाव हळूहळू मागे पडलं. निवृत्त झाल्यावर ते घरीच मुलांना शिकवायला लागले, एवढं कानावर होतं.

रिक्षावाल्याने मला किल्ल्यापाशीच उतरवलं. "पुढे वळायला जागा नाही, मॅडम. पाच मिनिटं चालत." ती पाच मिनिटं बरीच लांबली, आणि वाटेत बॅगेचं एक चाक निखळलं. एका बाजूला खाडीचं तोंड, पलीकडे उत्तनची झाडी. किनाऱ्यावर वलांड्या (बोंबील वाळत टाकायच्या बांबूंच्या रांगा) उभ्या होत्या आणि त्यांच्यावर बोंबील जोडीजोडीने लटकत होते. त्यांच्याखाली भरतीने आणून टाकलेलं प्लास्टिक. वास येत होताच. एका बाईला पत्ता विचारला. ती म्हणाली, "पटवाले ना? ते काय, चपलांचा ढीग दिसतो तेच घर."

पडवीत चार पट मांडलेले होते आणि मुलं प्रत्येक खेळी मोठ्याने म्हणत खेळत होती. बस्त्यावदादा त्यांच्याकडे पाठ करून, समुद्राकडे तोंड करून खुर्चीत बसले होते.

"आर्या, तुझा उंट कुठे बघतोय?"

"एच सातकडे, सर."

"मग तिकडेच बघणारा घोडा का हलवलास? त्याला तिथे काय त्रास होत होता?"

मुलं हसली. आर्या म्हणजे नायगावजवळ जूचंद्रच्या नव्या वसाहतीत राहणारी, नववीतली मुलगी. तिचे वडील कठड्याला टेकून उभे होते. ते मला हळूच म्हणाले, "सर बोर्ड बघतच नाहीत. सगळं डोक्यात. आमच्या कॉम्प्लेक्समध्ये नवीन क्लास निघालाय, एसी, स्क्रीन, सगळं आहे. पण असा माणूस कुठे मिळणार?"

मलाही कौतुक वाटलं. मी हाक मारली तसे दादा वळले. "कोण, सुलभा? अजून लोकांवर शिट्टी फुंकतेस काय?"

"बुद्धिबळात शिट्टी नसते, दादा."

"नसते ते बरंय. तू फुंकली असतीस."

मुलं गेल्यावर त्यांच्या बायकोने, रेजिनावहिनीने, तळलेले बोंबील आणि फुगे (आंबवलेल्या पिठाचे तळलेले गोळे) वाढले. दादा जुन्या गोष्टी सांगत होते. ते खेळ शिकले बापाच्या होडीवर. जाळं टाकून झालं की ओढेपर्यंत हाताला काम नसायचं. होडी हलायची म्हणून फळीला भोकं पाडलेली आणि मोहऱ्यांच्या बुडाला काड्या ठोकलेल्या. "बँकेत लागलो तेव्हा पहिल्यांदा सपाट पट विकत घेतला," ते म्हणाले. "बापाला दाखवला तर म्हणाला, याच्यावरनं सगळं घसरेल." बोलता बोलता त्यांनी पाण्याचा पेला उचलायला हात पुढे केला. हात पेल्याच्या बाजूने गेला. वहिनीने पेला त्यांच्या बोटांना लावला.

मला रिक्षापर्यंत पोचवायला वहिनी आली. तिने निखळलेलं चाक जुन्या ओढणीच्या चिंधीने बॅगेला बांधून दिलं आणि मग म्हणाली, "बाय, तुम्हाला कळलंच असेल. काचबिंदू हाय. डाक्टरानं सांगितलं, गेली ती नजर परत येनार नाय. समोरचं थोडं दिसतं, धुरासारकं. म्हनून पाठ करून बसतात. लोकांना वाटतं, काय हुशारी."

"मग उद्या खेळतात कशाला?"

"आईबाप विचारायला लागले, सर अजून खेळतात का म्हनून. नाय म्हटलं असतं तर पोरं गेली असती त्या येसीवाल्याकडं. पेन्शन हाय आमची, जेवायला कमी नाय. पन पोरं आली नाय तर हा मानूस दिवसभर करनार काय?"

मी तिला सरळ सांगितलं. नजर अधू असलेल्या खेळाडूला नियमाप्रमाणे वेगळा पट मिळतो, भोकांचा. त्यावर तो मोहरे चाचपू शकतो, आणि मोहरा भोकातून उचलल्याशिवाय हात लागला असं धरत नाहीत. पण तसं त्यांनी स्वतः पंचांना सांगायला हवं. वहिनी म्हणाली, "नाय सांगनार."

रविवारी सकाळी फेऱ्या सुरू व्हायच्या आधी मी दादांना स्पर्धा होती त्या शाळेच्या जिन्याखाली गाठलं आणि विचारलं. ते लगेच म्हणाले, "रेजिना बोलली वाटतं."

"तुमचा पेल्याचा हात बोलला."

ते थोडं हसले. "भोकांचा पट मागितला की दुपारपर्यंत नायगावभर होईल. आंधळा आमच्या मुलांना काय शिकवणार, म्हणतील. होडीवरनं सपाट पटावर आलो, आता परत फळीवर जायचं नाही मला." मग आवाज उतरवून म्हणाले, "'ठीक करतो' म्हणून मोहऱ्यांना हात लावला तर चालतो ना?"

तिरका झालेला मोहरा सरळ करायचा असेल तर आधी तसं म्हणायचं, ही आपल्या खेळातली रीत. न म्हणता हात लागला तर तोच मोहरा खेळावा लागतो. मी म्हणाले, "चालतो. समोरच्याने तक्रार केली तर नाही."

दुपारपर्यंत त्यांनी तसंच केलं. प्रत्येक खेळीआधी "ठीक करतो" म्हणायचं आणि बोटांनी हळूच पट वाचायचा. कोपऱ्यातला हत्ती, मधली प्यादी, राजाशेजारचा वजीर. समोरच्यांना वाटलं, म्हातारा टापटिपीचा आहे. ते एकही डाव हरले नाहीत. जेवणाच्या सुट्टीत डाळभात खाताना दोन पालक त्यांच्या पाया पडून गेले.

शेवटच्या फेरीत पहिल्या पटावर त्यांची जोडी लागली ती आर्याशी, त्यांच्याच शिष्येशी. विजेतेपद त्या पटावर ठरणार होतं, म्हणून दोरीपलीकडे पालकांची गर्दी झाली होती. डाव रंगला तसं तिच्या घड्याळातला वेळ संपत आला आणि तिने हात वर केला. मी गेले.

"मॅडम, सर प्रत्येक मूव्हला सगळे पीसेस टच करतात. कधी कधी माझ्या टाइममध्येसुद्धा. मला कॉन्सन्ट्रेट होत नाहीये." मग दादांकडे बघून ती पुटपुटली, "सॉरी, सर."

तक्रार योग्य होती. मी दादांकडे बघितलं. 'मला दिसत नाही' एवढं एक वाक्य त्यांनी तोंडातून काढलं असतं तर अजूनही घड्याळं थांबवून दुसरा पट मागवता आला असता. मी थांबले, पुरेसा वेळ थांबले. त्यांनी दोन्ही हात पटावरून मांडीवर घेतले. मग मी निकाल दिला. यापुढे विनाकारण मोहऱ्यांना हात लावायचा नाही.

"बरोबर आहे," ते म्हणाले. "मीच शिकवलंय तिला, गप्प बसायचं नाही म्हणून."

डाव त्यांच्या बाजूने होता. वजिराची एक खेळी, आणि आर्याकडे उत्तर नव्हतं. ती खेळी त्यांना ठाऊक होती, कारण त्यांनी जराही विचार केला नाही. सरळ हात नेला आणि बोटं मिटली ती वजिराशेजारच्या राजावर.

आर्याने माझ्याकडे बघितलं. मी काही विचारायच्या आत दादा म्हणाले, "लागला हात. राजाच खेळतो." राजा हलला आणि माऱ्यात उभा असलेला वजीर गेला. त्यांनी डाव सोडला आणि हस्तांदोलनासाठी हात पुढे केला. तो आर्याच्या खांद्याच्या बाजूने रिकाम्या जागेत गेला आणि तिथेच थांबला. तिने उठून तो हातात घेतला.

बाहेर आर्याच्या वडिलांनी मला अडवलं. "मॅडम, सरांना दिसत नाही का?"

"त्यांना विचारा."

"रिस्पेक्ट आहेच हो. पण मुलांच्या फ्युचरचा प्रश्न आहे."

सोमवारी परत निघण्याआधी मी पाचूबंदरला गेले. शाळा सुटून मुलं यायची वेळ होती. पडवीत पट मांडलेले होते आणि दादा नेहमीच्याच खुर्चीत होते. आतून वहिनीचा फोनवरचा आवाज येत होता. "परीक्षा? आत्ताच तर नाताळाची सुट्टी संपली." थोड्या वेळाने दुसरा फोन आला, मग तिसरा. तिसरा आर्याच्या घरून होता.

मी दादांना अंध खेळाडूंच्या स्पर्धांबद्दल सांगितलं. तिथे चांगले खेळाडू आहेत, संघटना आहे, शिकवायलाही माणसं लागतात.

"ती पोरं लहानपणापासून बोटांनी बघतात," ते म्हणाले. "मला ते येत नाही, सुलभा. काल बघितलंस ना. मी डोळ्यांनी बघणारा माणूस आहे." मग त्यांनी विचारलं, "डाव जिंकलेला होता ना?"

"होता."

"मग ठीक," ते म्हणाले, पण ठीक काही नव्हतं. वहिनी बाहेर आली आणि एकेक पट उचलायला लागली. त्यांना आवाजावरून कळलं. त्यांनी तिला थांबवलं नाही.

परतीच्या वाटेवर खिडकीतून मिठागरं दिसली, बऱ्याच ठिकाणी भराव घालून बुजवलेली. साताऱ्यात सगळ्यांनी एकच प्रश्न विचारला, दुसरा निकाल देता आला नसता का. नसता. मुलीचा डाव होता, तिचा हक्क होता, आणि ज्याने सांगायचं त्याने सांगितलं नाही. मी यावर पुष्कळ विचार केला आणि कुठेही चूक सापडली नाही. सापडली असती तर बरं झालं असतं, पुढच्या वेळी सुधारता आली असती.

त्यानंतर मी दोन स्पर्धांना पंच म्हणून गेले. कोणी "ठीक करतो" म्हणालं की मी आता त्याच्या हाताकडे न बघता डोळ्यांकडे बघते. त्याने काही होत नाही. तक्रार आली की निकाल तोच द्यावा लागतो.