लसींच्या फ्रीजची किल्ली

सकाळचे साडेआठ. एका शेगडीवर वरण उकळत होतं, तव्यावर भाकरी होती आणि ह्यांचा एक मोजा सापडत नव्हता. तेवढ्यात दारावर थाप पडली. बेल असताना दार वाजवणाऱ्या आमच्या ओळखीत एकच, दैवशालाबाई.

त्या परतूरला आमच्या मागच्या गल्लीत राहतात. एका ट्रस्टच्या दवाखान्यात सतरा वर्षं मावशी आहेत. करार अकरा महिन्यांचा, दर वेळी नवा होतो. नवरा कंबर धरून घरी बसल्यापासून घर त्यांच्या एकटीच्या नोकरीवर आहे.

"वहिनी, अकरापर्यंत उत्तर मागितलंय," कागद पुढे करत त्या म्हणाल्या. "तुम्ही बीए हायेत. लिहून द्या."

भाकरी उलटून मी वाचलं. लसींच्या फ्रीजचे तापमान वारंवार का वाढले याचा लेखी खुलासा करावा, अन्यथा करार पुढे चालू राहणार नाही.

"तुमचा फ्रीजशी काय संबंध?"

"मीच उघडते."

मी गॅस बारीक केला.

"अंगातून वाफ निघते, वहिनी. छातीपासून सुरू व्हती ती कानापर्यंत. लुगडं भिजून जातं. मंग फ्रीजचं दार उघडते अन् तोंड आत घालून उभी राह्यते. पाचच मिन्टं."

त्यापुढचं ऐकताना मला हसू आवरेना. दवाखान्यातला पोरगेला फार्मासिस्ट श्रेणिक रोज दोन वेळा तापमान लिहितो. आकडे चढलेले बघून त्यानं जालन्याहून मिस्त्री बोलावला. मिस्त्रीनं दाराचं रबर बदललं. पुन्हा आकडे चढले, तर फ्रीज भिंतीपासून हातभर पुढे ओढला. शेवटी श्रेणिकला संशय आला की कोणीतरी आत पाण्याच्या बाटल्या ठेवतंय. त्यानं कुलूप आणलं आणि किल्ली दैवशालाबाईंच्या हातात दिली. "मावशी, तुमच्याइतकं भरवशाचं इथं कोणी नाही."

"मग?" मी विचारलं.

"मंग काय. त्या दिवशी चारदा उघडला."

आम्ही दोघी हसलो. मग त्या एकदम थांबल्या.

बुधवारी लहान लेकरांना टोचायचा दिवस होता. श्रेणिकनं तपासून सांगितलं, या लसी देता येणार नाहीत. अठरा बाया लेकरं घेऊन बसलेल्या. एक तर घनसावंगीकडून दोन जिपा बदलून आली होती. 'लस संपली, पुढच्या बुधवारी या,' हे फाटकावर उभं राहून सांगायचं काम दैवशालाबाईंनाच लागलं. सांगून आल्या आणि सरळ श्रेणिकपुढं जाऊन म्हणाल्या, फ्रीज मी उघडते. का, तर गरम व्हतं. तो म्हणाला, मावशी, मे महिन्यात गरम सगळ्यांनाच होतं.

"तुमच्या दवाखान्यात तर याचं पोस्टर आहे," मी म्हटलं.

"मीच लावलंय ना स्टुलावर चढून. पहिला टप्पा, पाळी मागंपुढं. दुसरा टप्पा, वाफा अन् झोप न्हाई. तिसरा, बंद. त्या चित्रातली बाई तिन्ही टप्प्यात हसूनच राह्यली. माझा दुसरा संपता संपंना."

मी वही घेतली आणि कारण लिहून वाचून दाखवलं. रजोनिवृत्ती या शब्दावर त्यांनी हात वर केला.

"हे काय?"

"पाळी जाण्याचं पुस्तकातलं नाव."

"एवढं मोठं? अन् हे वाचील कोण?"

"व्यवस्थापक."

"रामप्रसादसायेब? त्यांच्या मायला मी महिनाभर आंघोळ घातली, वहिनी. मला मावशी म्हंतात. खोडा ते."

खोडलं तर कारणच उरत नव्हतं. ठेवलं तर त्या सही करत नव्हत्या. साडेनऊ झाले. भाकरी कधीच करपली होती.

"बाईडॉक्टरला का दाखवलं नाही? दर गुरुवारी येतात ना?"

"येतात. त्यांच्या दारात नंबर मीच पुकारते. पण केसपेपरबिगर त्या लिहून देत न्हाईत. अन् केसपेपरच्या खिडकीवर राधेश्याम. त्याला कमी ऐकू येतं. तक्रार वरडून सांगावी लागती, अन् लिहिताना तो अजून वरडून म्हंतो. मागं सगळी रांग. तीनदा उभी राह्यले. दोनदा खोकला सांगितला, एकदा गुडघा."

"मग?"

"खोकल्याचं औषध भेटलं. गोड व्हतं."

मी शब्द बदलला. 'वयानुसार होणाऱ्या त्रासामुळे' एवढंच ठेवलं. चूक कबूल केली, किल्ली परत केल्याचं लिहिलं. एवढ्यावर नोकरी राहील का, हे मला सांगता येत नव्हतं, आणि त्यांनी विचारलंही नाही.

"शेवटी काही मागायचं का? हलकं काम? रजा?"

त्या पदरानं मान पुसत राहिल्या. मग हळू सांगू लागल्या आणि मी तसंच लिहिलं.

"गुरुवारी केसपेपरच्या खिडकीवर एखादी बाई बसवावी."