नाव आलं म्हणजे सुखरूप

बीडच्या एका एफएम रेडिओवर मी निवेदिका होते आणि स्वतःच्या आवाजावर फार खूश होते. संध्याकाळी सहाला माझा फर्माईशीचा कार्यक्रम असे. ऊस तोडायला परजिल्ह्यात गेलेली माणसं फोनवर नाव, गाव, निरोप सांगत. मी ते वाचून गाणं लावायची. मागे राहिलेल्या म्हाताऱ्यांना गाण्याशी देणंघेणं नव्हतं. नाव आलं म्हणजे लेकरू सुखरूप, एवढंच ते ऐकत. आठ दिवस नाव आलं नाही की पिशवी भरून एसटी गाठत.

एका दुष्काळात गावंच्या गावं तोडीला गेली. वस्त्यांवर उरली म्हातारी माणसं आणि त्यांचे रेडिओ. त्याच वर्षी एका सहकारी साखर कारखान्यानं कार्यक्रमाला जाहिरात दिली. आमच्या रेडिओचे नवे साहेब म्हणाले, रडगाणी बंद. निरोप वाचायचे नाहीत. नाव, गाव आणि उडतं गाणं, बस्स. मला ते मनापासून पटलं. कुणाची शेळी व्याली, कुणाला ताप आला, हे वाचून मी वैतागले होते.

एका दुपारी पाटोद्याकडच्या वस्तीवरच्या एका सुनेचा फोन आला. नवऱ्याची कावीळ हाताबाहेर गेली होती. तोडीच्या ठिकाणच्या डॉक्टरांनी हात टेकले, म्हणून ती त्याला बीडच्या सरकारी दवाखान्यात घेऊन आली होती, आणि तो सारखा आईला बोलवत होता. सासूकडे फोन नव्हता, शेजारी सगळे तोडीला. मी तिला मध्येच तोडलं. निरोप घेत नाही, गाणं सांगा, म्हणाले.

"कोन्तंबी लावा बाई," ती म्हणाली, "पन आत्याबाईला सांगा."

दवाखाना आमच्यापासून चालत दहा मिनिटांवर होता. सहाला मी हसऱ्या आवाजात नवरा-बायकोची नावं वाचली आणि त्यांच्या लाडक्या आईसाठी म्हणून नाचायचं गाणं लावलं. त्यांची नावं लिहून घेतलेली चिठ्ठी मी फाडून फेकली असती तरी बरं झालं असतं. तो दोन दिवस दाराकडं बघत होता, मग गेला. म्हातारीला कळलं ते प्रेत वस्तीवर आलं तेव्हा.

दहावं उरकून ती आमच्याकडं आली. ओरडली नाही, रडली नाही.

"आठ दिस नाव न्हवतं, म्हनून पिशवी भरली व्हती. तुमी नाव घेतलं, मंग पिशवी सोडली." मग तिनं विचारलं, "सून म्हनती, तिनं तुमाला समदं सांगितलं व्हतं. खरं हाय का?"

साहेब काचेपलीकडून बघत होते. मला माझी नोकरी प्यारी होती, हे आज लपवण्यात अर्थ नाही.

"फोन आला होता," मी म्हणाले, "पण तिनं फक्त गाणं सांगितलं."

म्हातारी उठली. आता त्या खोटारड्या सुनेला घरात ठेवत नाही, एवढंच पुटपुटली. सहा वाजत आले होते. मी तिला थांबवलं नाही.